स्वप्नात मिळालेला ग्रंथ : मराठी संतवाङ्मयातील स्वप्न, पोथी आणि लेखनाचा अधिकार

विषयाची मांडणी

जुन्या मराठी वाङ्मयातील कित्येक ग्रंथांच्या मुळाशी एक स्वप्न सांगितलेले असते. कोणी संत किंवा प्रत्यक्ष देव झोपेत येतो, मंत्र देतो, कविता करण्याची आज्ञा करतो, बिघडलेल्या पोथीची शुद्धी करायला लावतो आणि एका ठिकाणी तर पुस्तकच हाती ठेवतो. भाविक वाचक अशा प्रसंगांना चमत्कार म्हणून वंदन करतो, तर चिकित्सक वाचक त्यांना मागाहून जोडलेली दंतकथा मानून पुढच्या पानाकडे वळतो. दोघांच्याही हातून एक प्रश्न सुटतो, आणि तो असा, की ज्या परंपरेचे तत्त्वज्ञान स्वप्नाला मिथ्या ठरवते, त्याच परंपरेतील ग्रंथकार आपल्या लेखनाचा अधिकार स्वप्नातून का सांगतात? प्रस्तुत व्याख्यानात या प्रश्नाचा विचार केला असून त्याचे उत्तर पोथीतील स्वप्न आणि त्या स्वप्नानंतर झालेले काम यांच्या परस्परसंबंधात शोधले आहे.

कर्जत येथे हा विषय मांडण्याला स्थानिक आधारही पुष्कळ आहे. शके १२१२ मध्ये, म्हणजे इ.स. १२९० मध्ये, ज्ञानेश्वरी जेथे सांगितली गेली ते नेवासे याच अहिल्यानगर जिल्ह्यात आहे. संतचरित्रकार महीपतींचे ताहाराबाद राहुरी तालुक्यात, तुकारामांना गुरू मानणाऱ्या निळोबारायांचे पिंपळनेर पारनेर तालुक्यात आणि ‘योगसंग्राम’कार शेख महंमदांचे श्रीगोंदे कर्जतच्या शेजारच्याच तालुक्याचे ठिकाण आहे. खुद्द कर्जतचे धार्मिक जीवन संत गोदड महाराजांभोवती फिरते आणि आषाढ वद्य एकादशीला, म्हणजे कामिका एकादशीला, त्यांचा रथोत्सव भरतो. याच तालुक्यात भीमेच्या काठी असलेल्या सिद्धटेकची स्थानकथा तर निद्रेपासूनच सुरू होते. विष्णू योगनिद्रेत असताना मधु आणि कैटभ हे दैत्य उत्पन्न झाले, जागा झालेला विष्णू त्यांच्याशी लढूनही विजयी होईना, तेव्हा त्याने येथे गणेशाची आराधना केली आणि त्याला सिद्धी मिळाली, असे ही कथा सांगते. निद्रेत निर्माण झालेल्या संकटाचा परिहार जागेपणीच्या साधनेने होतो, ही या कथेची रचना पुढील विवेचनातही वेगवेगळ्या रूपांत दिसेल.

स्वप्नाची शास्त्रे

भारतीय ग्रंथांत स्वप्नाचा विचार तीन वेगळ्या अंगांनी झाला आहे. पहिले अंग उपनिषदांचे. बृहदारण्यक उपनिषदात असे म्हटले आहे, की स्वप्नात रथ नसतात, घोडे नसतात, रस्ते नसतात, तरी स्वप्न पाहणारा रथ, घोडे आणि रस्ते निर्माण करतो, म्हणून तो कर्ता होय. मांडूक्य उपनिषदाने आत्म्याच्या चार अवस्था सांगितल्या. जागृतीत तो वैश्वानर, म्हणजे बाहेरच्या विषयांचा भोक्ता. स्वप्नात तैजस, म्हणजे स्वतःच्याच प्रकाशाने आतले विषय पाहणारा. गाढ झोपेत, म्हणजे सुषुप्तीत, प्राज्ञ. आणि या तिन्हींच्या पलीकडे असलेली, कोणत्याही नावाने न सांगता येणारी, ती चौथी म्हणजे तुरीय अवस्था. या उपनिषदावरील कारिकांत गौडपादाचार्यांनी एक पाऊल पुढे टाकून जागेपणीचे जगही स्वप्नासारखेच असल्याचा सिद्धांत मांडला, आणि मराठी अद्वैतपर ग्रंथांत स्वप्नाचा दृष्टांत इतक्या वेळा येतो त्याचे मूळ या विचारात आहे.

दुसरे अंग वैद्यकाचे. चरकसंहितेच्या इंद्रियस्थानात स्वप्नाचे सात प्रकार दिले आहेत. पाहिलेल्या, ऐकलेल्या आणि अनुभवलेल्या गोष्टींचे स्वप्न अनुक्रमे दृष्ट, श्रुत आणि अनुभूत; इच्छिलेल्या गोष्टीचे प्रार्थित; मनाने रचलेल्या गोष्टीचे कल्पित; पुढे घडणाऱ्या गोष्टीची सूचना देणारे भाविक; आणि वात, पित्त, कफ यांच्या बिघाडातून येणारे दोषज. यांपैकी पहिले पाच निष्फळ मानले आहेत. सातांपैकी पाच प्रकारांना फळ नाही असे सांगणारा हा वैद्यकीय ग्रंथ स्वप्नाविषयी पुष्कळच सावध आहे, हे ध्यानात घेण्याजोगे आहे.

तिसरे अंग शकुनशास्त्राचे. मत्स्यपुराण आणि अग्निपुराण यांत शुभाशुभ स्वप्नांच्या याद्या आहेत. बाराव्या शतकातील बंगालचा राजा बल्लाळसेन याच्या ‘अद्भुतसागर’ या ग्रंथात स्वप्नांचा स्वतंत्र विचार आहे, आणि जगद्देवाचा ‘स्वप्नचिंतामणि’ हा तर पूर्णतः याच विषयाला वाहिलेला आहे. रात्रीच्या पहिल्या प्रहरातील स्वप्न फळायला सर्वांत जास्त काळ लागतो आणि पहाटेचे स्वप्न लवकर फळते, शुभ स्वप्न पडल्यावर पुन्हा झोपू नये, हे नियम अशा ग्रंथांतून पंचांगांत उतरले आणि घरोघर परिचित झाले. संतांच्या स्वप्नांचा या शास्त्राशी संबंध मात्र फारच थोडा आहे. त्यांच्या स्वप्नांत हत्ती, पांढरी फुले किंवा नदी यांचा अर्थ लावावा लागत नाही, कारण तेथे बोलणारी व्यक्ती असते, ती स्पष्ट शब्दांत काही सांगते आणि जे सांगते ते बहुधा करण्याचे काम असते.

योगवासिष्ठातील रचलेली जगे

स्वप्न आणि कल्पित जग यांचा सर्वांत विलक्षण भारतीय ग्रंथ म्हणजे ‘योगवासिष्ठ’. वाल्मीकींच्या नावाने प्रसिद्ध असलेला आणि वसिष्ठांनी विरक्त झालेल्या तरुण रामाला केलेला उपदेश अशी चौकट असलेला हा ग्रंथ काश्मीरमध्ये दहाव्या शतकाच्या सुमारास ‘मोक्षोपाय’ या रूपात सिद्ध झाला असावा, असे आधुनिक अभ्यासकांचे मत आहे. त्यातील लवण राजाच्या दरबारी एक गारुडी येतो. त्याने दाखवलेल्या घोड्याकडे पाहता पाहता राजा काही क्षण निश्चल होतो आणि तेवढ्यात रानात भटकणे, चांडाळकन्येशी विवाह, मुलेबाळे, दुष्काळ असे एक सबंध आयुष्य जगून परत येतो. गोष्ट येथे संपत नाही, कारण राजा ते ठिकाण शोधायला विंध्याच्या रानात जातो आणि तेथे आपल्या जावयासाठी शोक करणारी म्हातारी त्याला खरोखर भेटते. दुसऱ्या एका कथेत जीवट नावाचा पुरुष झोपतो आणि स्वप्नात ब्राह्मण होतो, तो ब्राह्मण स्वप्नात दुसराच कोणी होतो, आणि अशी एकात एक गुंतलेली स्वप्ने चालत राहून अखेरीस रुद्र त्या सर्वांना जागे करतो.

या ग्रंथाचा प्रवासही लक्षणीय आहे. निजामुद्दीन पानिपती याने सोळाव्या शतकाच्या शेवटी शाहजादा सलीमसाठी त्याचे फारसी भाषांतर केले, आणि १६०२ साली अकबराच्या चित्रशाळेत सिद्ध झालेली या ग्रंथाची सचित्र फारसी पोथी आज डब्लिन येथील चेस्टर बीटी ग्रंथालयात आहे. प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने योगवासिष्ठाचे महत्त्व असे, की स्वप्नातील जग खोटे आहे एवढेच सांगून हा ग्रंथ थांबत नाही. लवण राजाला जागेपणी भेटलेली म्हातारी त्या सरळ उत्तराला अडथळा आणते, आणि खोट्या ठरवलेल्या गोष्टीचा परिणाम खरा कसा होतो, हा प्रश्न वाचकासमोर उभा राहतो.

मिथ्या कारण आणि सत्य कार्य

या प्रश्नाचे सर्वांत नेमके तार्किक उत्तर शंकराचार्यांच्या ब्रह्मसूत्रभाष्यात आहे. जग मिथ्या असेल तर त्या जगातलेच शास्त्र मोक्षाचे ज्ञान कसे देऊ शकेल, असा आक्षेप दुसऱ्या अध्यायाच्या पहिल्या पादात उपस्थित केला आहे. आचार्य उत्तर देतात, की विष चढल्याच्या नुसत्या शंकेनेही माणूस मरू शकतो. स्वप्नात सापाने दंश केला किंवा पाण्यात स्नान घडले, तर तो साप आणि ते पाणी जागे झाल्यावर खोटे ठरतात, पण ‘आपण हे पाहिले’ हे ज्ञान खोटे ठरत नाही. त्याच ग्रंथात पुढे स्वप्नसृष्टीला मायामात्र म्हटले असले, तरी लगेच पुढच्या सूत्रात श्रुतीच्या आधाराने ती भावी शुभाशुभाची सूचक असू शकते, हेही मान्य केले आहे.

संतांच्या स्वप्नकथा या युक्तिवादाच्या प्रकाशात वाचल्या, तर त्यांतील विसंगती नाहीशी होते. स्वप्नातील व्यक्ती आणि वस्तू यांच्या सत्यत्वाचा दावा या कथा करत नाहीत. त्या स्वप्नानंतर जे सुरू झाले त्याच्या सत्यत्वाचा दावा करतात. त्यामुळे अशा प्रत्येक कथेत दोन भाग वेगळे काढून पाहणे आवश्यक ठरते. एक, झोपेत काय दिसले. आणि दुसरा, जागे झाल्यावर कोणते काम हाती घेतले गेले आणि ते कोणी व कसे तपासले.

तुकाराम : मंत्र आणि आज्ञा

तुकारामांच्या गाथेत दोन स्वप्ने सांगितली आहेत. पहिल्यात माघ शुद्ध दशमीला गुरुवारी बाबाजी चैतन्य यांनी त्यांना ‘रामकृष्णहरि’ हा मंत्र दिला आणि राघव चैतन्य, केशव चैतन्य अशी आपली परंपरा सांगितली. हा प्रसंग ज्या अभंगात आला आहे, त्यात एक अगदी घरगुती तपशील आहे. स्वप्नातील गुरूने भोजनासाठी पावशेर तूप मागितले आणि ते द्यायचे राहून गेले, असे तुकाराम सांगतात. केवळ गौरवासाठी रचलेल्या कथेत गुरूची मागणी अपुरी राहिल्याचा उल्लेख सहसा येणार नाही, म्हणून हा तपशील अनुभवाची खूण म्हणून विचारात घेण्याजोगा आहे. दुसऱ्या स्वप्नात नामदेव पांडुरंगाला बरोबर घेऊन येतात, तुकारामांना जागे करतात आणि कवित्व करण्याची आज्ञा देतात. नामदेवांनी योजलेली शतकोटी अभंगांची संख्या अपुरी राहिली होती, ती पुरी करण्याचे काम ते तुकारामांवर सोपवतात.

या दोन स्वप्नांचे कार्य वेगवेगळे आहे. पहिले परंपरेत स्थान देते आणि दुसरे लेखनाचा अधिकार देते. वेदाध्ययनाचा अधिकार नाकारल्या गेलेल्या समाजातील, वाण्याचा व्यवसाय करणाऱ्या माणसाने परमार्थावर कविता करावी याला सतराव्या शतकात आक्षेप घेतला जाणारच होता, आणि तो वाघोलीच्या रामेश्वरभट्टांच्या रूपाने घेतलाही गेला. अशा वेळी ‘हे कवित्व स्वतःच्या इच्छेने चाललेले नाही, अपुरे राहिलेले काम पुढे चालवले आहे’ हे उत्तर धर्मसभेच्या अधिकाराला बाजूला सारणारे होते, कारण नामदेवांची आणि पांडुरंगाची आज्ञा कोणत्याही पीठाच्या सहीशिक्क्यावर अवलंबून नव्हती. मात्र स्वप्न सांगून वाद मिटला नाही. वह्या इंद्रायणीत बुडवाव्या लागल्या आणि तुकारामांनी तेरा दिवस धरणे धरले. वह्या तरल्याचा प्रसंग कोणी कसाही समजून घेवो, स्वप्नातून मिळालेल्या अधिकाराची परीक्षा अखेर कागदावर लिहिलेल्या मजकुराची झाली, ही गोष्ट त्यातून स्पष्ट होते. तो मजकूर पुढे टिकला तो संताजी जगनाडे यांच्यासारख्यांच्या वह्यांतून, देहूच्या वहीतून आणि लोकांच्या पाठांतरातून. आणि १८६९ व १८७३ साली इंदुप्रकाश छापखान्याने दोन खंडांत गाथा छापली, तेव्हा संपादकांना अशाच हस्तलिखितांचा आधार घ्यावा लागला.

एकनाथ : पाठशुद्धीची आज्ञा

एकनाथांच्या नावावरील प्रसिद्ध अभंगात ज्ञानदेव स्वप्नात येतात आणि आळंदीच्या समाधीत अजानवृक्षाची मुळी कंठाला लागली आहे, ती येऊन काढावी, असे सांगतात. एकनाथ आळंदीला गेले, त्यांनी समाधीचे दर्शन घेतले, आणि या भेटीचा संबंध परंपरेने ज्ञानेश्वरीच्या शुद्धीशी जोडला आहे. शके १५०६ मध्ये, म्हणजे इ.स. १५८४ मध्ये, पैठण येथे पूर्ण झालेली ही शुद्धी मराठीतील पाठसंपादनाचा पहिला ठळक नमुना मानली जाते. पाठसंपादन म्हणजे एकाच ग्रंथाच्या अनेक नकला पडताळून त्यांतील मूळ शब्द निश्चित करण्याचे काम.

या प्रतीच्या शेवटी एकनाथांनी जोडलेल्या ओव्या अभ्यासकाने बारकाईने पाहाव्यात अशा आहेत. त्यांत शक, संवत्सर, महिना, तिथी आणि स्थळ आहे. ग्रंथ मुळात अतिशुद्ध होता, पण पाठांतरांमुळे त्यात अशुद्धी शिरली आणि ती शोधून प्रत शुद्ध केली, अशी कामाची पद्धत आहे. यापुढे कोणी स्वतःची ओवी त्यात घातली तर ते अमृताच्या ताटात नरोटी ठेवल्यासारखे होईल, असा इशाराही आहे. स्वप्नाचा उल्लेख मात्र या ओव्यांत नाही. ज्या ठिकाणी संपादक आपल्या कामाचा हिशेब देतो, तेथे तो स्वप्नाचा दाखला देत नाही. तेथे प्रती, पाठ आणि काळ यांचीच भाषा चालते. स्वप्नाने कामाला हात घालण्याचे धैर्य दिले असेल, परंतु कोणता शब्द ठेवायचा आणि कोणता काढायचा हे ठरवण्यासाठी त्याचा वापर झाला नाही, आणि म्हणूनच एकनाथांची प्रत पुढील पिढ्यांना आधारभूत वाटली.

बहिणाबाई : स्वप्नातले पुस्तक

स्वप्न आणि ग्रंथ यांची गाठ सर्वांत स्पष्टपणे पडते ती शिऊरच्या संत बहिणाबाईंच्या आत्मनिवेदनात. देवगाव येथे १६२८ साली जन्मलेल्या या ब्राह्मण स्त्रीचे कुटुंब फिरत फिरत कोल्हापुरास आले असताना तिने जयरामस्वामींच्या कीर्तनांत तुकारामांचे अभंग ऐकले आणि त्यांच्या दर्शनाचा ध्यास घेतला. तिच्या लाडक्या वासराच्या मृत्यूनंतर, कार्तिक वद्य पंचमीला, रविवारी, तुकाराम तिच्या स्वप्नात आले, त्यांनी मस्तकावर हात ठेवला, कानात मंत्र सांगितला आणि ‘मंत्रगीता’ नावाचे पुस्तक दिले, असे तिने लिहिले आहे. त्या वेळी तुकाराम हयात होते आणि देहूला होते. तिची व त्यांची भेट झालेली नव्हती.

या पुस्तकाचे पुढे काय झाले, हा प्रश्न अभ्यासकांच्या मनात येणे साहजिक आहे. वा. सी. बेंद्रे यांनी तुकारामांच्या नावावर असलेली गीतेची अभंगरूप ‘मंत्रगीता’ प्रसिद्ध केली, परंतु तिच्या कर्तृत्वाविषयी मतभेद आहेत. येथे दोन वेगळे प्रश्न एकमेकांत मिसळू नयेत. तुकारामांनी असा ग्रंथ रचला की नाही हा पाठसंशोधनाचा प्रश्न असून त्याचा निकाल भाषा, छंद आणि उपलब्ध प्रती यांवरून लागेल. बहिणाबाईंचा अभंग त्यात पुरावा म्हणून घेतला तरी तो स्वप्नातील वस्तूचा पुरावा राहतो. बहिणाबाईंच्या आत्मनिवेदनात त्या पुस्तकाचे काम मात्र निराळे आहे. स्त्रीला पोथीचा अधिकार नाही असे मानणाऱ्या घरात, शूद्र संताला गुरू करण्यावरून नवऱ्याचा मार खाणाऱ्या स्त्रीच्या हातात तिचा गुरू ग्रंथ ठेवतो. मंत्र कानात दिला जातो आणि तो गुप्त राहू शकतो, पण पुस्तक हातात असते, ते वाचायचे असते, आणि वाचता येणाऱ्याला लिहिताही येते. त्या स्वप्नातील पुस्तकाची पाने बहिणाबाईंनी कोठेही उद्धृत केलेली नाहीत. त्यांनी पुढे स्वतःचे चरित्र आणि मागील बारा जन्मांची हकीकत अभंगांत सांगितली, आणि मराठी स्त्रीच्या आत्मचरित्राचा हा अतिशय जुना नमुना त्या स्वप्नाचे खरे फलित ठरला. स्वप्नात मिळालेला ग्रंथ आणि जागेपणी लिहिलेला ग्रंथ यांत जे अंतर आहे, ते लेखिकेच्या स्वतःच्या श्रमाने भरून निघाले.

महीपती : कुळकर्ण्याची लेखणी

ताहाराबादचे महीपती (१७१५–१७९०) यांच्या बाबतीत स्वप्नाने काळाचे अंतर ओलांडले. तुकारामांचे निर्याण १६५० सालचे मानतात, म्हणजे महीपतींचा जन्म त्यानंतर सुमारे ६५ वर्षांनी झाला, तरी परंपरेनुसार त्यांना तुकारामांचाच उपदेश स्वप्नात झाला आणि संतांची चरित्रे लिहिण्याची आज्ञा मिळाली. महीपतींकडे गावचे कुळकर्ण होते. कुळकर्णी म्हणजे गावच्या जमिनीचा व वसुलाचा हिशेब ठेवणारा वतनदार. पुढे त्यांनी संतचरित्रांखेरीज अन्य कामासाठी लेखणी न धरण्याचा नियम केला, असे सांगतात. मोडी लिपीत दप्तर लिहिणाऱ्या हाताने बाळबोध लिपीतील पोथ्यांकडे वळावे, हा या कथेतील बदल सामाजिकदृष्ट्याही अर्थपूर्ण आहे, कारण नोंद ठेवण्याची, नावे, गावे आणि नाती नीट लावण्याची दप्तरी सवय त्यांच्या चरित्रलेखनात सतत जाणवते.

त्यांच्या ग्रंथांचा क्रम त्या आज्ञेला कसा प्रतिसाद मिळाला हे दाखवतो. ‘भक्तविजय’ शके १६८४ (इ.स. १७६२) मध्ये ५७ अध्यायांत आणि ‘भक्तलीलामृत’ शके १६९६ (इ.स. १७७४) मध्ये ५१ अध्यायांत पूर्ण झाला. ‘भक्तलीलामृता’चे २५ ते ४० हे सोळा अध्याय तुकारामांच्या चरित्राला दिले आहेत, म्हणजे स्वप्नातील गुरूच्या चरित्राला ग्रंथाचा जवळजवळ तिसरा हिस्सा मिळाला आहे. तरीही ‘भक्तविजया’च्या आरंभी महीपती आपल्या मजकुराचा आधार सांगताना स्वप्नाकडे बोट दाखवत नाहीत; उत्तरेतील नाभाजी आणि माणदेशातील उद्धवचिद्घन यांच्या ग्रंथांचा ते उल्लेख करतात आणि आपण स्वतःच्या मनाने काही रचलेले नाही असे वाचकाला बजावतात. एकनाथांच्या ओव्यांत जी गोष्ट दिसली तीच येथेही दिसते. काम हाती घेण्याचा अधिकार स्वप्नाचा आणि मजकुराचा आधार पूर्वग्रंथांचा, अशी ही विभागणी आहे. याच जिल्ह्यातील निळोबारायांनी तुकारामांच्या पश्चात त्यांच्याच दर्शनाचा ध्यास धरून त्यांना गुरू केले, ही परंपरा महीपतींच्या कथेला जवळची आहे. देह नसलेल्या गुरूकडून उपदेश घेणारे दोन कवी एकाच जिल्ह्यात व्हावेत, यावरून तुकारामांनंतर वारकरी पंथात गुरूच्या जिवंत साखळीपेक्षा त्यांच्या अभंगांचे वजन किती वाढले होते, याचा अंदाज येतो.

स्वप्नाविना मिळवलेला अधिकार

सर्वच मराठी ग्रंथकारांनी स्वप्नाचा आधार घेतला असे समजणे चुकीचे ठरेल. महानुभाव पंथाचा ‘लीळाचरित्र’ हा तेराव्या शतकातील गद्य ग्रंथ याच्या नेमका उलट उभा आहे. म्हाइंभटांनी चक्रधरस्वामींच्या आठवणी गोळा करताना त्या ज्यांनी पाहिल्या-ऐकल्या त्या शिष्यांना गाठले, त्यांच्याकडून लीळा विचारून घेतल्या आणि नागदेवाचार्यांकडून त्या तपासून घेतल्या. एकाच प्रसंगाविषयी दोघांच्या सांगण्यात फरक असेल, तर तो फरकही महानुभाव पोथ्यांनी नोंदवून ठेवला. तेथे अधिकार आहे तो साक्षीदाराच्या स्मरणाचा. पुढे या पंथाने आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत झाकून ठेवले आणि त्या लिप्यांची उकल होईपर्यंत हे वाङ्मय बाहेरच्या वाचकाला बंद राहिले.

श्रीगोंद्याचे शेख महंमद यांचा मार्ग आणखी निराळा आहे. ‘योगसंग्राम’ हा त्यांचा ओवीबद्ध ग्रंथ माणसाच्या शरीरातच रणभूमी उभी करतो आणि विकारांशी चाललेले साधकाचे युद्ध अठरा प्रसंगांत वर्णन करतो. ही पूर्णपणे आतली, कल्पनेने रचलेली सृष्टी आहे. ती सांगण्याचा त्यांचा अधिकार मात्र चांद बोधले या गुरूकडून आलेला आहे. याच चांद बोधल्यांशी एकनाथांचे गुरू जनार्दनस्वामी यांचाही संबंध परंपरा जोडते. जन्माने मुसलमान असलेल्या कवीला मराठीत परमार्थ सांगण्यासाठी जिवंत गुरूचा आधार पुरेसा होता, आणि तो आधार हाताशी असल्यामुळे स्वप्नाच्या साक्षीची गरज पडली नाही, असा निष्कर्ष येथे काढता येतो. ज्याला जागेपणी गुरू मिळाला नाही, किंवा मिळाला तरी समाज त्याला मान्यता देणार नव्हता, त्याच्या बाबतीत स्वप्न पुढे येते.

हीच रचना इतर धर्मांतही आढळते. सूफी तत्त्वज्ञ इब्न अरबी याने हिजरी सन ६२७ मध्ये, म्हणजे इ.स. १२२९ मध्ये, दमास्कस येथे स्वप्नात पैगंबरांच्या हाती ‘फुसूस अल-हिकम’ हा ग्रंथ पाहिला, तो लोकांपर्यंत नेण्याची आज्ञा त्याला झाली आणि काही न वाढवता व न गाळता आपण तो पोचवत आहोत, असे त्याने प्रस्तावनेत लिहिले. इंग्लंडमधील व्हिटबीच्या मठातील कॅडमन नावाच्या निरक्षर गुराख्याला स्वप्नात गीत सुचल्याची हकीकत बीड या इतिहासकाराने आठव्या शतकात नोंदवली आहे. तेथील मठाधिकारिणी हिल्डा हिने विद्वानांना बसवून त्याच्याकडून ते गीत म्हणवून घेतले आणि नवीन विषय देऊन पुन्हा रचना करवली. इंद्रायणीकाठची परीक्षा आणि व्हिटबीची परीक्षा यांत प्रसंग वेगळे असले, तरी समाजाने स्वप्नाला जागेपणीच्या रचनेचा पुरावा मागितला, ही गोष्ट समान आहे.

चौकट, दर्शन आणि आधुनिक कथा

स्वप्न ग्रंथाच्या आत शिरले म्हणजे त्याची कामे बदलतात. सरस्वती गंगाधर यांच्या ‘गुरुचरित्रा’त नामधारक वाटेत थकून निजतो, त्याला स्वप्नात जटाधारी योगी दिसतो, आणि जागा होऊन पुढे निघाल्यावर तोच पुरुष समोर उभा राहतो, तो सिद्धमुनी पुढील सर्व कथा सांगतो. सिद्धटेकवरून वाहणारी भीमा पुढे ज्या गाणगापूरला पोचते, तेथील गुरूची ही कथा सुरू होण्यासाठी स्वप्न दाराचे काम करते. समर्थ रामदासांच्या ‘आनंदवनभुवन’ या रचनेत रात्री स्वप्नात पाहिलेले घडत चालल्याचे सांगून एका मुक्त, निर्भय तीर्थभूमीचे दर्शन रंगवले आहे, आणि तेथे स्वप्न एका समाजाच्या इच्छेचे चित्र होते.

विसाव्या शतकात अशा सृष्टीचा अधिकार स्वप्नाकडून लेखकाच्या कल्पनेकडे आला. जी. ए. कुलकर्णी यांच्या ‘रमलखुणा’ (१९७५) या पुस्तकातील ‘प्रवासी’ आणि ‘इस्किलार’ या दीर्घकथांपैकी दुसरीत तर भूमी, श्रद्धा आणि गूढ उच्चार हे सारे रचलेले असून, प्राचीन ग्रंथातून आल्यासारखा त्यांचा भास होतो. वाचकाला हे ठाऊक असते, की असा देश कोठेही नाही, तरी नियतीविषयीचा प्रश्न त्याला खराखुरा भेडसावतो. मिथ्या कारणातून सत्य परिणाम होतो, हा जुना युक्तिवाद येथे साहित्याच्या क्षेत्रात पुन्हा सिद्ध होतो.

निष्कर्ष

वरील उदाहरणांवरून पोथीतील स्वप्न वाचण्याची एक पद्धत निश्चित करता येते. स्वप्नाची कथा ग्रंथकाराच्या चरित्रातील घटना म्हणून खरी-खोटी ठरवण्याआधी ती ग्रंथात कोणत्या जागी आली आहे हे पाहावे. आरंभी आली असल्यास ती बहुधा लेखनाचा अधिकार सांगते, मध्ये आली असल्यास कथेची चौकट होते, आणि मजकुराच्या खरेपणाचा पुरावा म्हणून आली असल्यास वाचकाने सावध व्हावे, कारण एकनाथ आणि महीपती या दोघांनीही त्या कामासाठी स्वप्नाचा वापर टाळला आहे. त्यानंतर तो अधिकार कोणाला नाकारला गेला होता हे विचारावे. नामदेवांची आज्ञा शूद्र कवीला, मंत्रगीता घरात कोंडलेल्या स्त्रीला आणि तुकारामांचा उपदेश त्यांच्या पश्चात जन्मलेल्या कुळकर्ण्याला मिळाला. शास्त्री-पंडितांच्या वर्तुळात ज्यांना सहज स्थान होते त्यांना अशा स्वप्नांची गरज फार कमी पडली.

लाल कपड्याच्या रुमालांत बांधलेल्या पोथ्या या जिल्ह्यातील मठांत आणि जुन्या घरांत आजही आहेत. त्यांची सूची करताना ग्रंथनाम, कर्ता, शक, लेखनस्थळ आणि पानांची संख्या यांबरोबर ‘ग्रंथाला कारण झालेला दृष्टांत’ अशी एक नोंद ठेवली, तर कोणत्या काळात, कोणत्या जातीच्या आणि कोणत्या गावच्या लेखकांना स्वप्नाचा आधार घ्यावा लागला, याचा नकाशा हळूहळू उभा राहील. भाविक सूचीकाराने तो दृष्टांत पूज्य म्हणून आणि बुद्धिवादी सूचीकाराने तो भाकड म्हणून गाळला, तर दोघेही एकच पुरावा नष्ट करतील. लिहिण्याचा हक्क मागायला जेव्हा दुसरे कोणतेही दार उघडे नव्हते, तेव्हा मराठी माणसांनी तो स्वप्नात मागितला, आणि मिळालेला हक्क जागेपणीच्या मेहनतीने सार्थ केला, हा इतिहास त्या एका नोंदीत साठवलेला असतो.